पोस्टातल्या पासपोर्टच्या नावाखाली आमचे ९,८९८ रुपये गेले

हे लिहायला मला महिना लागला. नातेवाइकांत अजून कोणाला सांगितलेलं नाही. पण गेल्या आठवड्यात आमच्याच गल्लीतल्या एका मुलाने विचारलं, "काकू, पासपोर्टचा फॉर्म कुठे भरला?" त्याच्या मोबाइलवर आम्हाला फसवणारं तेच पान उघडं होतं, म्हणून लिहिते आहे.

लेक जर्मनीत आहे, जूनमध्ये तिचं बाळंतपण. आम्हा दोघांचे पासपोर्ट काढायचे होते. जिल्ह्याच्या हेड पोस्टात पासपोर्टचं केंद्र आहे एवढं माहीत होतं. पोस्ट म्हटलं की आमच्या पिढीला भरवसा वाटतो. तिथूनच सगळं घोटाळलं. अर्ज पोस्टात भरायचा नसतो, तो ऑनलाइन भरायचा, फीही ऑनलाइन, आणि मिळालेल्या तारखेला फक्त मूळ कागद घेऊन पोस्टात जायचं. हे मला तेव्हा कोणी सांगितलं नव्हतं.

नेटवर शोधलं. सगळ्यात वर जे आलं ते उघडलं. अशोकस्तंभ, तिरंग्याच्या पट्ट्या, "पोस्ट ऑफिस पासपोर्ट अपॉइंटमेंट" असं ठळक. फॉर्ममध्ये वडिलांचं नाव, जन्मठिकाण, शिक्षण, सगळं नीट विचारलेलं. मी ३१ वर्षं शाळेच्या कार्यालयात कारकुनी केली आहे, फॉर्म मला कळतात. शेवटी फी आली, माणशी २,९९९. दोघांचे ५,९९८.

आता तो क्षण. क्यूआर स्कॅन केला आणि पडद्यावर पैसे घेणाऱ्याचं नाव आलं, कुठल्याशा ट्रेडर्सचं. हे शेजारी बसले होते. म्हणाले, "अगं, सरकारची फी ट्रेडर्सला कशी जाते?" मी म्हणाले, "मध्ये गेटवे असतो, तुम्हाला त्यातलं काय कळतं?" आणि पिन टाकला. माझ्या नवऱ्याने मला थांबवलं होतं आणि मी त्यांनाच गप्प केलं. पैशापेक्षा हे जास्त सलतं. रात्री दोन-दोन वाजता जाग येते आणि पडद्यावरचं ते नाव दिसतं.

पत्त्याच्या शेवटी काय आहे ते बघा. खरं संकेतस्थळ एकच, पासपोर्टइंडिया डॉट जीओव्ही डॉट इन. डॉट कॉम, डॉट ऑर्ग असलं काही दिसलं तर पान बंद करा. बनावट संकेतस्थळांपासून सावध राहा ही सूचना परराष्ट्र मंत्रालयाने खऱ्या संकेतस्थळावरच दिली आहे. म्हणजे जो आधीच बरोबर जागी पोचला त्याला सूचना, आणि जो चुकला त्याच्यापुढे जाहिरात!

दुसऱ्या दिवशी फोन आला. मराठीच, गोड बोलणारा मुलगा. "मॅडम, पोस्टातल्या तारखा भरल्यात, लवकरचा स्लॉट हवा तर माणशी १,२५०." दिले, २,५००. मग नोटरीचं प्रतिज्ञापत्र लागतं म्हणून माणशी ७००, दोघांचे १,४००. ओटीपी एकदाही सांगितला नाही, ते मला माहीत होतं. पण इथे ओटीपी कोणी मागतच नाही. आपणच हाताने पिन टाकून देतो.

खरा हिशेब ऐका. ३६ पानी साध्या पासपोर्टची फी १,५०० रुपये. साठीच्या वरच्यांना नव्या पासपोर्टला दहा टक्के सूट, म्हणजे ह्यांचे १,३५०. तारीख मिळवायला वेगळी फी नाही. अर्जाला जोडायच्या परिशिष्टांना, म्हणजे घोषणापत्रांना, नोटरी लागत नाही. डिसेंबर २०१६ पासून साध्या कागदावरचं स्वयंघोषणापत्र चालतं. २,८५० मध्ये दोघांचं काम होत होतं.

चौदा दिवसांनी एसटीने जिल्ह्याला गेलो. दारावरच्या माणसाने यादी पाहिली. आमची नावं नव्हती. मी मोबाइलवर आलेलं तारखेचं पत्र दाखवलं, तर त्याने वाचायच्या आतच परत दिलं. "असे रोज दोन-तीन येतात." रोज येतात, तर दाराशी एक फलक लावायला काय होतं? पोस्टमास्तर म्हणाले, जागा आमची, काम पासपोर्टवाल्यांचं. आतले पासपोर्टवाले म्हणाले, खासगी संकेतस्थळाशी आमचा संबंध नाही. हे ६३ वर्षांचे, हातात सगळ्या मूळ कागदांची पिशवी, लोकांदेखत जिन्यावर बसून राहिले.

सायबर फसवणुकीच्या १९३० या हेल्पलाइनला फोन केला. तक्रार नोंदवली, क्रमांक मिळाला, आणि "लगेच करायला हवा होता" हे ऐकून घेतलं. बरोबर आहे, पहिल्या तासात केला तर पैसे पुढच्या खात्यात अडवता येतात. तुम्हाला शंका आली तर त्याच मिनिटाला करा, लाज बाळगू नका. पण मला कळलंच चौदा दिवसांनी! बँकेत साहेब म्हणाले, "पिन तुम्हीच टाकला ना?" पोलीस ठाण्यात अंमलदाराने रक्कम विचारली आणि पेन खाली ठेवलं. म्हणाला, सायबर पोलिसांकडे जा. सायबरला गेले तर, आधी ठाण्याचं पत्र आणा. पुन्हा ठाणे. तोवर साहेब बंदोबस्ताला. चार फेऱ्या, चार दिवस, आणि हातात शिक्का मारलेली अर्जाची झेरॉक्स. नऊ-दहा हजार म्हणजे ह्या साहेबलोकांना किरकोळ. माझ्या पेन्शनीतून ते भरून निघायला किती महिने लागतील, हे त्या टेबलावर कोणी विचारलं नाही.

आणि पैसे गेले ते गेले, पण आमचं आधार, पॅन, सह्या सगळं त्या माणसाकडे आहे. आम्ही आधारचं बायोमेट्रिक लॉक केलं, तेवढंच हातात होतं. तुमचे कागद असे कुठे गेले असतील तर आजच करा.

नंतर लेकीने व्हिडिओ कॉलवर खऱ्या संकेतस्थळावर फॉर्म भरून घेतला. २,८५० भरले, पोस्ट आणि तारीख आम्हीच निवडली. फोटो, बोटांचे ठसे तिथेच घेतात, चाळीस मिनिटांत बाहेर. फोटोसुद्धा न्यावा लागला नाही. पोलीस पडताळणीलाही एक रुपया द्यायचा नसतो, कोणी मागितला तर देऊ नका.

त्या गल्लीतल्या मुलाच्या मोबाइलवरचं पान मी सायबरच्या साहेबांना पाठवलं. पत्ता तोच, २,९९९ तेच, अजून सुरू. उत्तर आलं, पोर्टलवर नवी तक्रार करा.