काळथांब : ३६२ दिवसांचा अनुभव (की ३६९?)

काळथांब म्हणजे घुमटात बसून बाहेरचा काळ थांबवायचं यंत्र. दोन मीटरचा घुमट, बॅटरी, बटणं हे सगळं तुम्हाला ठाऊक आहे, त्यात शिरत नाही. गेल्या आठवड्यात माझ्या काळथांबचं सोडायचं बटण अडकलं. मी आत, बाहेरचा काळ थांबलेला, आणि मी बटण दाबतेय, दाबतेय. चाळीस मिनिटं! मदतीला कुणी येणार तरी कसं? बाहेरच्यांसाठी तो क्षण अजून सरलेलाच नव्हता. शेवटी यंत्र आडवं करून दोन थपडा मारल्या तेव्हा सुटलं. पलीकडच्या खोलीतून नवऱ्याची 'अगं ऐक ना' अशी हाक आली होती, तिच्यातला 'ना' मला चाळीस मिनिटांनी ऐकू आला.

आधी थोडं मागचं सांगते. पहिल्या महिन्यात मी याला एक तारा देऊन मोकळी होणार होते. थांबलेल्या जगात हिंडून येऊ असं ज्यांच्या डोक्यात असेल त्यांनी ते काढून टाकावं. बाहेरचा प्रकाशही थांबलेला असतो, तो डोळ्यांपर्यंत पोचणार कसा? घुमटापलीकडे मिट्ट काळोख. आपला दिवा घेऊन बसायचं. आणि उकाडा! नुसत्या बसलेल्या माणसाच्या अंगातून साधारण १०० वॅट उष्णता बाहेर पडते, जुन्या पिवळ्या बल्बएवढी. ती घुमटाबाहेर जात नाही. पंखा लावला तर तीच गरम हवा फिरते, वर मोटरची उष्णता वेगळी. जाहिरातीत 'हवे तितके तास' म्हणतात, त्या बाईच्या कपाळावर घामाचा थेंब नाही.

मग मीच शहाणी झाले. अर्ध्या तासाच्या आत आटपायचं. रोज सकाळी गजर झाला की २८ मिनिटं, कधी झोप, कधी पुस्तक. आत फोनला रेंज नसते, कारण रेडिओ लहरीही थांबलेल्या. आधी याच गोष्टीवर चिडले होते, नंतर त्याचसाठी आत जायला लागले. एकदा व्हिडिओ कॉलवर ताईशी भांडताना मध्येच काळ थांबवून चोख उत्तर शोधून आले. पण तिच्या डोळ्यांदेखत मी क्षणात घामाघूम, तिने लगेच ओळखलं. तो उपयोग बाद. बाकी खरं सांगायचं तर तिसऱ्या महिन्यापासून मी खूश होते, चार तारे नक्की दिले असते.

आता वॉरंटी. खरेदीपासून एक वर्ष. बटण अडकलं त्या दिवशी कॅलेंडरप्रमाणे ३६२ दिवस झाले होते, म्हणजे तीन दिवस हातात. दुसऱ्याच दिवशी सर्व्हिस सेंटरला गेले, तर तिथल्या माणसाने यंत्राचं मीटर उघडून दाखवलं आणि म्हणाला, "मॅडम, तुमची वॉरंटी संपली." रोजची २८ मिनिटं धरली की ३६२ दिवसांत जवळजवळ १६९ तास होतात, सात दिवस. यंत्राच्या हिशेबाने बटण अडकलं तेव्हाच त्याचं वय ३६९ होतं. म्हणजे जो जास्त वापरेल त्याचं वर्ष लहान!

वर त्याने मला विज्ञान शिकवलं. म्हणे १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग या शास्त्रज्ञांनी सिझियमची अतिअचूक अणुघड्याळं प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवली, पूर्वेकडे गेलेली जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा सुमारे ५९ नॅनोसेकंद (सेकंदाचे अब्जावे भाग) मागे पडली, पश्चिमेकडे गेलेली सुमारे २७३ पुढे गेली, आणि बिघडलेलं त्यातलं एकही नव्हतं. प्रत्येकाचा काळ आपापल्या जागी खरा. मान्य! पण जीपीएसच्या उपग्रहातलं घड्याळ रोज सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे पळतं, तेव्हा ते जमिनीवरच्या वेळेशी जुळवून घेतातच ना? कारण वापरणारा जमिनीवर असतो. माझ्या बिलावर तारीख आहे, मीटरचं रीडिंग नाही.

आणि मुख्य गोष्ट तर पुढेच आहे. सहा महिन्यांची फुकट सर्व्हिसिंग होती. तेव्हा मी तीन दिवस आधी गेले होते, यंत्राचे सहा महिने भरलेत म्हणून. याच काउंटरवरून मला परत पाठवलं होतं, "तारीख अजून आली नाही." फुकट द्यायचं तेव्हा कॅलेंडर आणि पैसे घ्यायचे तेव्हा मीटर! हे मी त्याला ऐकवलं तर म्हणतो, वरिष्ठांशी बोला. वरिष्ठ जागेवर नव्हते.

या सात दिवसांनी मीही म्हातारी झालेय, ते जाऊ दे.

घेणार असाल तर घ्या, यंत्र वाईट नाही. पण पहिल्याच दिवशी मीटरचा फोटो काढून ठेवा, वॉरंटी कार्डावर 'कॅलेंडरप्रमाणे' असं लिहून शिक्का मागा, आणि सोडायचं बटण दुकानातच पन्नासदा दाबून बघा. तूर्त दोन तारे. मी लेखी तक्रार दिली आहे, दुरुस्तीचे पैसे मात्र भरणार नाही. यंत्र कपाटात आहे आणि सकाळचा गजर २८ मिनिटं अलीकडे घेतलाय.