परीक्षेशिवाय परवाना : टेक्सासहून कॅलिफोर्नियाला निघालेल्या इलेक्ट्रिशियनांसाठी

टेक्सासचा जर्नीमन (शिकाऊ काळ पूर्ण करून परीक्षा दिलेल्या) इलेक्ट्रिशियनचा परवाना परीक्षा न देता कॅलिफोर्नियात 'ट्रान्सफर' करून देतो, असे सांगून एका परवाना सल्लागाराने माझ्याकडून २,४५० डॉलर उकळले. आधी फाइल उघडण्याचे ३५०, मग 'राज्य पडताळणी'चे १,२०० आणि शेवटी काम लवकर व्हावे म्हणून ९००. त्या बदल्यात मिळाले ते बनावट कार्ड. घराबाहेर हे सांगायची मला लाज वाटत होती. पण ओळखीतले आणखी काही जण ह्यूस्टन सोडून कॅलिफोर्नियातल्या बे एरियात जायच्या तयारीत आहेत आणि त्यांनाही याच माणसाचा नंबर मिळाला आहे, हे कळल्यावर गप्प बसवेना.

मी भोळसट नाही. ८,००० तास अप्रेंटिस म्हणून राबून आणि परीक्षा देऊन मी परवाना मिळवला आहे. रेसिप्रॉसिटी, म्हणजे एका राज्याचा परवाना दुसऱ्या राज्याने मान्य करणे, ही थाप नव्हे, हेही मला ठाऊक होते. आर्कान्सा, न्यू मेक्सिको, वायोमिंग अशा काही राज्यांशी टेक्सासचा तसा करार खरोखरच आहे; परीक्षा देऊन मिळवलेला परवाना किमान वर्षभर जवळ असेल, तर तिथे पुन्हा परीक्षेला बसावे लागत नाही. माझ्याबरोबर काम करणारा एक जण याच वाटेने न्यू मेक्सिकोला गेला. पत्नीला सॅन होजेत नोकरी लागल्यावर आपलेही तसेच होईल, असे मला वाटले, यात गैर काय होते? शिवाय त्या माणसाने दाखवलेले पान खोटे नव्हते. ते कॅलिफोर्नियाच्या कॉन्ट्रॅक्टर परवाना मंडळाचे खरे संकेतस्थळ होते आणि त्यावर रेसिप्रॉसिटीचा उल्लेख स्पष्ट होता. पण ते पान कॉन्ट्रॅक्टरांसाठी आहे. त्यात ॲरिझोना, नेवाडा अशी मोजकी राज्ये आहेत, टेक्सास नाही. आणि त्यांनाही सूट मिळते ती कामाच्या परीक्षेपुरती, कायद्याचा पेपर द्यावाच लागतो. कॉन्ट्रॅक्टरच्या हाताखाली प्रत्यक्ष वायरिंग करणाऱ्याला तिथे वेगळे सर्टिफिकेशन लागते आणि त्यासाठी कॅलिफोर्नियाचा कोणत्याही राज्याशी करार नाही.

ज्या क्षणी फोन ठेवून द्यायला हवा होता, तो क्षण माझ्या डोक्यातून जात नाही. दुसरा हप्ता देण्यापूर्वी मी त्याला विचारले होते, "टेक्सासच्या परवाना खात्याकडून पडताळणीचे पत्र कधी मागवू?" तो म्हणाला, "त्याची गरज नाही, कार्डाचा फोटो आणि सोशल सिक्युरिटी नंबर पाठवा, पुढचे आम्ही बघतो." परवाना देणाऱ्या राज्याने दुसऱ्या राज्याला लेखी कळवल्याशिवाय रेसिप्रॉसिटी सहसा पुढे सरकत नाही. प्रश्न मीच विचारला होता, उत्तर चुकीचे आहे हेही मनात आले होते, आणि तरीही त्याच संध्याकाळी १,२०० डॉलर एका व्यक्तीच्या खाजगी खात्यावर गेले. घर हलवायचे होते, नव्या कंपनीने रुजू होण्याची तारीख दिली होती, आणि तो तासातासाला फोन करत होता. सरकारी शुल्क कधीही कोणाच्या खाजगी खात्यात जात नाही, हे कृपा करून लक्षात ठेवा.

नव्या कंपनीच्या फोरमनने पार्किंगमध्ये उभ्या उभ्या कार्डावरचा नंबर राज्याच्या यादीत टाकून पाहिला. नोंद नव्हती. मग त्याने कार्डावरच्या एका शब्दावर बोट ठेवले : 'जर्नीमन'. कॅलिफोर्नियाच्या कार्डावर 'जनरल इलेक्ट्रिशियन' असते. माझी नोकरी तिथेच थांबली.

त्यानंतर जे झाले त्याचा संताप फसवणाऱ्यावरच्या रागापेक्षा कमी नाही. पोलीस म्हणाले, हा दोघांमधला पैशांचा व्यवहार आहे, दिवाणी दावा लावा. बँक म्हणाली, पैसे तुम्ही स्वतःच्या हाताने पाठवले आहेत, त्यामुळे ही फसवणूक आमच्या व्याख्येत बसत नाही. ग्राहकांच्या तक्रारी घेणाऱ्या एका कार्यालयाने अर्ज घेतला, क्रमांक दिला आणि वर लिहून पाठवले की वैयक्तिक प्रकरणांत आम्ही हस्तक्षेप करत नाही. मग तक्रार घेता कशाला? माणसाचा नंबर आहे, खाते आहे, बनावट सरकारी शिक्का असलेले कार्ड आहे. एवढा पुरावा हातात ठेवूनही हे आमच्या अखत्यारीत नाही असे प्रत्येक टेबलावरून ऐकावे लागत असेल, तर हे कोणाच्या अखत्यारीत आहे, एवढे तरी कोणी सांगावे!

खरा अर्ज आता मी स्वतः भरला आहे. अर्जाचे ७५ आणि परीक्षेचे १०० असे एकूण १७५ डॉलर लागतात, आणि टेक्सासमधले कामाचे तास त्यात धरले जातात. त्यासाठी जुन्या मालकांकडची कागदपत्रे आणि सोशल सिक्युरिटीच्या कमाईच्या नोंदी टेक्सास सोडण्यापूर्वीच जमा करायला लागा. सोशल सिक्युरिटी नंबर दिला गेला असेल, तर आजच इक्विफॅक्स, एक्स्पेरियन आणि ट्रान्सयुनियन या तिन्ही पतनोंदणी कंपन्यांकडे क्रेडिट गोठवा, म्हणजे तुमच्या नावावर दुसऱ्या कोणाला कर्ज काढणे अवघड होईल. त्याला पैसे पडत नाहीत. कार्ड हातात आले, तर त्याचा नंबर कामावर जाण्याआधी राज्याच्या यादीत स्वतः शोधा.

तो माणूस आता दुसऱ्या नावाने ओरेगन आणि वॉशिंग्टनचीही कामे घेतो. ज्यांनी त्याला पैसे पाठवले आहेत, त्यांनी आपापल्या शहरात लेखी तक्रार द्यावी आणि पावत्या, संदेश, खात्याचे तपशील जपून ठेवावेत; एकट्याच्या तक्रारीवर तपास होत नाही, असे मला पोलीस ठाण्यात तोंडावर सांगण्यात आले आहे.