नागपूरच्या धरमपेठेतलं दोन दिवसांचं एडिटिंग वर्कशॉप: तर्री गार, बाकी पैसे वसूल

मी लग्नाचे व्हिडिओ कापतो, सीझनमध्ये रोज चौदा-चौदा तास. मित्राने फॉर्म पाठवला, १८०० रुपये म्हटल्यावर आधी जीवावरच आलं, मग म्हटलं जाऊन तर पाहू बे.

दहाची वेळ दिलेली, सुरू झालं पावणेअकराला. पोह्यावरची तर्री गार, आणि स्पीकर असा की डायलॉग येतोय का कूलर वाजतोय तेच कळेना.

पण सर भारी माणूस. एडिटिंग शिकवायला मुंबई-हॉलिवूडचे सिनेमे नाही, सरळ श्रीलंकेचे! आपल्या विदर्भापेक्षाही लहान देश, १९४७ चा पहिला सिंहली बोलपटसुद्धा दक्षिण भारतातल्या स्टुडिओत झालेला. मग १९५६ ला डायरेक्टर लेस्टर जेम्स पेरिस यांचा 'रेखावा' आला, स्टुडिओ सोडून खऱ्या गावात शूट केलेला. तो कापला टायटस तोटवत्ते यांनी, आणि हाच माणूस पुढे स्वतः डायरेक्टर झाला आणि नंतर तिथल्या सरकारी टीव्हीवर परदेशी कार्टून सिंहलीत डब करत बसला. मला तर हे ऐकून बरंच वाटलं, म्हणजे चार धंदे करणारा मी एकटाच नाही. लेस्टर यांच्या पत्नी सुमित्रा पेरिस यांचंही तसंच, लंडनला शिकून आल्या, लेस्टर यांचाच 'गम्पेरलिया' हा सिनेमा एडिट केला, त्याला १९६५ ला दिल्लीत इफ्फीचा (भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाचा) सुवर्णमयूर पुरस्कार मिळाला, पण स्वतःचा पहिला सिनेमा डायरेक्ट करायला १९७८ उजाडलं.

त्याच 'गम्पेरलिया'चा एक तुकडा सरांनी आवाज बंद करून लावला (स्पीकर पाहता बरंच झालं) आणि म्हणाले, जिथे कट द्यावासा वाटतो तिथे टाळी वाजवा. माझी टाळी दरवेळी सगळ्यात आधी. अख्खा हॉल हसतोय, आणि पडद्यावर तोच शॉट आपला निवांत चाललाय.

दुसऱ्या दिवशी ३५ एमएमची खरी फिल्म हातात दिली. एका फुटात सोळा फ्रेम, सेकंदाला चोवीस, म्हणजे फूटभर पट्टी पाऊण सेकंदही टिकत नाही. स्प्लायसरवर कापायची, टेप लावून जोडायची, चुकलं की टेप सोलून परत. तिथे कंट्रोल-झेड नाही भाऊ, तीन कट द्यायला मला पाऊण तास लागला आणि बोटं टेपने चिकट झाली ते वेगळंच.

मोठी तक्रार एकच. रेट कसा लावायचा, अॅडव्हान्स किती घ्यायचा, यावर अर्धा तास तरी हवा होता, विचारलं तर 'पुढच्या बॅचला' म्हणाले. सर्टिफिकेटवर माझं आडनावही चुकवलंय.

तरी जा. मी परवा एका लग्नात पाठवणीच्या वेळी नवरीच्या बापाचा शॉट कापलाच नाही, तसाच चालू ठेवला. रात्री मामाचा फोन, 'भाऊ, व्हिडिओ अटकला का तिथे?'