कलोत्सवाचा निकाल पटला नाही तर: अपील समितीवर थांबावं की उच्च न्यायालयात जावं?

आम्ही विट्याकडचे, गलाईच्या, म्हणजे सोनं-चांदी गाळण्याच्या, धंद्यानं केरळात आलो आणि इथलेच झालो. दोन्ही मुली इथल्या शाळेत शिकल्या, त्यामुळे शालेय कलोत्सव, म्हणजे केरळातल्या शाळांची कलास्पर्धा, आमच्या घरात परीक्षेइतकाच मोठा. जिल्ह्यात पहिला आला तोच राज्याला जातो. दुसरा नंबर आला की त्या रात्री घरात कुणी नीट जेवत नाही. थोरलीच्या मोहिनीअट्टमच्या वेळी मी शिक्षण खात्याच्या अपील समितीवर थांबलो. धाकटीच्या तिरुवातिराच्या (हा मुलींचा समूहनाच) वेळी दहाही मुलींचे पालक मिळून उच्च न्यायालयात गेलो.

अपील निकालानंतर तासाभरात, अनामत भरून द्यावं लागतं. कोर्टात जायचं ठरलेलं असलं तरी ही पायरी चुकवू नका. अपील फेटाळल्याचा कागद नसेल तर वकीलही फारसे उत्साही नसतात. शिवाय जिल्हास्पर्धा उरकेपर्यंत नाताळची सुट्टी तोंडावर येते आणि जानेवारीत राज्याचा कलोत्सव, तेव्हा हातात दिवस थोडेच उरतात.

कोर्टाची बाजू आधी प्रामाणिकपणे सांगतो. धाकटीच्या गटाच्या वेळी रंगमंचावरची चटई मध्येच सरकली होती, दोघी घसरल्या. समितीनं ते मनावर घेतलं नाही, न्यायालयानं घेतलं. अंतरिम आदेश मिळाला आणि मुली राज्याच्या मंचावर उभ्या राहिल्या. तो आनंद मी नाकारणार नाही.

पण एक गोष्ट मला तेव्हापासून सलते. याचिकेचा मसुदा वाचायला धाकटी माझ्याशेजारी बसली होती. त्यात चटई होती, कलोत्सवाच्या मॅन्युअलचा (नियमपुस्तिकेचा) नियम होता, निकालाची वेळ होती. तिनं विचारलं, "अप्पा, आमचा नाच कुणी बघणार आहे का?" वकिलांनी शांतपणे सांगितलं, नाही. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालय परीक्षकांच्या डोक्यावर परीक्षक होऊन बसत नाही; नियम मोडला का, पक्षपात झाला का, एवढंच पाहतं. ते योग्यच आहे. तरी सहा महिने घासलेल्या ताल-पावलांबद्दल त्या गठ्ठ्यात एक ओळ नव्हती. पुढे राज्यालाही त्यांचा निकाल याचिकेच्या अधीन म्हणून रोखून ठेवला. बाकीच्या मुली आपापली ग्रेड ऐकून नाचत होत्या आणि आमच्या दहाजणी नऊवारीसारख्याच जपून नेसलेल्या कसवू (जरीकाठी) साड्यांत गप्प बसून होत्या.

थोरलीच्या वेळी समितीनं रेकॉर्डिंग लावलं. जाणकार बाईंनी तिच्यासमोर दोनदा थांबवून दाखवलं: इथे नजर हाताच्या मागे राहते. अपील फेटाळलं, अनामतही गेली. (अपील मंजूर झालं तरी ती परत मिळायला राज्याला आपल्या जिल्ह्याच्या मूळ विजेत्यापेक्षा जास्त गुण लागतात.) पण पोरगी घरी आली ती थेट आरशासमोर उभी राहिली.

सगळ्याच समित्या इतक्या आस्थेनं बघत असतील असं मी म्हणणार नाही. काही ठिकाणी सुनावणी घाईत उरकतात, हेही ऐकलंय. आणि "आदेश आणून देतो" म्हणणाऱ्या मध्यस्थाला दारातही उभं करू नका. २०१८च्या त्रिशूर कलोत्सवात बालहक्क आयोगाच्या नावाचे बनावट आदेश सापडले होते आणि अटकाही झाल्या होत्या.

मंच, आवाज किंवा वेळेची उघड चूक असेल आणि ती चित्रफितीत दिसत असेल, तर कोर्टाचा विचार जरूर करा. पण वाद एक-दोन गुणांचा असेल, तर मी तरी आता समितीपाशी थांबेन. निदान तिथे नाच बघतात.