मेपलच्या सावलीसाठी कुठलं जिरेनियम घ्यावं?

न्यू जर्सीत आमच्या घरामागे दोन वाफे शेजारी शेजारी आहेत. एकात इथलं रानजिरेनियम, म्हणजे जिरेनियम मॅक्युलॅटम, आणि दुसऱ्यात रोझॅन ही जिरेनियमचीच एक संकरित जात. बघायला येणारा प्रत्येक जण विचारतो, "आम्ही यातलं कुठलं लावू?"

आधी नावाचा घोळ मिटवू या. नर्सरीत लालभडक गुच्छांचं जे 'जिरेनियम' कुंडीत मिळतं, ते खरं तर पेलार्गोनियम, मूळचं मुख्यतः दक्षिण आफ्रिकेकडचं. आपल्याकडे तेलासाठी ज्याची शेती करतात तेही पेलार्गोनियमच. खऱ्या जिरेनियमच्या पाचही पाकळ्या सारख्या असतात, तर पेलार्गोनियमच्या वरच्या दोन निराळ्या दिसतात. पहिल्या वर्षी मी नुसती पाटी वाचून तेच जमिनीत लावलं आणि थंडीत ते काळं पडून गेलं. दरवर्षी आपोआप फुटणारं झाड हवं असेल तर ते सोडून द्या.

आता खरी निवड. फुलं किती दिवस, एवढंच पाहिलं तर रोझॅन सरळ जिंकते. जूनपासून कडाक्याची थंडी पडेपर्यंत निळी फुलं येतच राहतात. हा संकर १९८९ मध्ये इंग्लंडमधल्या सॉमरसेटच्या एका घरगुती बागेत सापडला. त्याचे दोन्ही पालक हिमालयाकडचे, याचं मला फार अप्रूप वाटतं. पण ती बी धरत नाही. तिला ऊनही बऱ्यापैकी लागतं, आमच्या मेपलखाली ती लांबच लांब फांद्या टाकते आणि फुलं मोजकीच देते.

रानजिरेनियमचं घर म्हणजे अशीच झाडाखालची जागा. उत्तर अमेरिकेच्या पूर्व भागातल्या रानात, पाचोळ्याच्या मऊ मातीत ते वाढतं. उंची फूट-दीड फूट. फिकट जांभळी फुलं एप्रिलअखेर येतात आणि जूनच्या सुरुवातीला बहर आटोपतो. उन्हाळा कोरडा गेला तर पानं पिवळी पडून झाड झोपी जातं. ते मेलं समजून उपटू नका. हळदीच्या गड्ड्यासारखं आडवं खोड मातीखाली जिवंत असतं.

तरीही माझा कौल याच्याच बाजूने आहे. फूल उमललं की आधी दहा पुंकेसर पराग देतात, आणि ते सरल्यावर मधली कुक्षी पाच बोटांसारखी उघडते. म्हणजे फुलाचे स्वतःचे पराग सहसा स्वतःला लागत नाहीत, माशी यावीच लागते. आणि अँड्रिना डिस्टन्स ही जमिनीत बीळ करून राहणारी एकांडी मधमाशी आपल्या पिल्लांसाठी प्रामुख्याने याच फुलाचे पराग नेते. तिला पर्याय म्हणून दुसरं काही लावता येत नाही.

रोप विकत घेणं सोपं. बियांपासून करायचं तर त्यांना हिवाळा दाखवावा लागतो, म्हणून ताजं बी बाहेरच पेरा. फळाला क्रौंचाच्या चोचीसारखं टोक असतं. ते वाळलं की पाच पट्ट्या झटक्यात वर वळतात आणि तेरड्याच्या शेंगेसारखं बी दूर उडतं. म्हणून चोच तपकिरी व्हायला लागताच तिच्यावर मलमलचा तुकडा सैलसर बांधून ठेवा. मी एकदा दोन दिवस उशीर केला, तर हाती फक्त वळलेल्या रिकाम्या पट्ट्या आल्या.