अमेरिकेत ट्रॅफिक तिकीट मिळालं: भरायचं, कोर्स करायचा की लढायचं?

आपल्याकडे चौकात पावती फाडली की विषय संपतो. तीच सवय घेऊन आपण अमेरिकेत येतो आणि पहिलं तिकीट हातात पडलं की त्याच रात्री ऑनलाइन पैसे भरून मोकळे होतो. मीही तेच केलं होतं. पैसे गेले, दोन दिवस वाईट वाटलं, मग विसरलो. पुढे इन्शुरन्सच्या नूतनीकरणाचा कागद आला तेव्हा खरी गोष्ट कळली. पैसे भरले त्या क्षणी मी गुन्हा कबूल केला होता, आणि ती नोंद आता तीन वर्षं प्रीमियममध्ये दिसत राहणार होती. त्या तीन वर्षांत वाढीव प्रीमियमपोटी जे गेलं, त्यापुढे मूळ दंड किरकोळ होता.

म्हणून इथली तुलना दंडाच्या रकमेवरून केलेली नाही. कोणता मार्ग घेतला तर रेकॉर्डवर काय उरतं, यावरून केली आहे. नियम प्रत्येक राज्याचे वेगळे असल्यामुळे उदाहरणं त्या त्या राज्याचं नाव घेऊनच देतो.

आधी तिकीट नीट वाचा

पोलिसाने सही करायला सांगितली आणि तुम्ही केली, म्हणजे गुन्हा मान्य केला असं होत नाही. ठरलेल्या तारखेपर्यंत उत्तर देईन एवढंच ते वचन असतं. रस्त्याच्या कडेला वाद घालून काही मिळत नाही. जे मांडायचं ते कोर्टात.

घरी आल्यावर तीन गोष्टी बघा. पहिली, उत्तराची तारीख. ती चुकली तर पुढचे बहुतेक मार्ग बंद होतात, लायसन्स निलंबित होऊ शकतं, काही राज्यांत वॉरंटही निघतं. तिकीट ड्रॉवरमध्ये ठेवून देणं हा सगळ्यांत महाग पर्याय आहे.

दुसरी, तिकीट कोणत्या प्रकारचं आहे. न्यूयॉर्क शहरातल्या स्पीड कॅमेऱ्याचं तिकीट गाडीच्या मालकाच्या नावाने येतं, ५० डॉलर दंड असतो आणि पॉइंट (नियम मोडल्याबद्दल लायसन्सच्या रेकॉर्डवर चढणारे दोषांक) लागत नाहीत. गाडी खरंच तुमची असेल तर ते भरून टाका, त्यात लढण्यासारखं काही नाही. कॅलिफोर्नियात मात्र सिग्नल तोडल्याच्या कॅमेरा-तिकिटावर पॉइंट येऊ शकतो, त्यामुळे 'कॅमेऱ्याचंच तर आहे' म्हणून सोडून देऊ नका. मागचा दिवा बंद असल्याचं तिकीट असेल तर बऱ्याच ठिकाणी दुरुस्ती करून, तपासणीची सही घेऊन, थोडं शुल्क भरलं की प्रकरण मिटतं.

तिसरी आणि सगळ्यांत महत्त्वाची गोष्ट: हा साधा नियमभंग आहे की फौजदारी गुन्हा? व्हर्जिनियात वेगमर्यादेपेक्षा ताशी २० मैल किंवा त्याहून जास्त, किंवा मर्यादा काहीही असो, ८५ मैलांहून जास्त वेगाने गाडी चालवली तर ते 'रेकलेस ड्रायव्हिंग' धरलं जातं. तो क्लास वन मिस्डिमीनर, म्हणजे फौजदारी गुन्हा आहे: १२ महिन्यांपर्यंत कैद आणि २,५०० डॉलरपर्यंत दंड होऊ शकतो. मर्यादा ७० असलेल्या मोकळ्या हायवेवर ८६चा काटा गाठायला फार काही लागत नाही. न्यू जर्सीहून नॉर्थ कॅरोलायनाला निघालेली आपली मंडळी नेमकी इथे सापडतात. कागदावर हा शब्द दिसला तर खालची सगळी तुलना बाजूला ठेवा आणि त्याच भागात प्रॅक्टिस करणारा वकील गाठा. एच-वन-बी किंवा विद्यार्थी व्हिसावर असाल तर दुप्पट घाईने. व्हिसाच्या अर्जात अटक आणि दोषसिद्धीबद्दल थेट प्रश्न असतो, आणि तिथे खोटं उत्तर देणं मूळ गुन्ह्यापेक्षा जास्त महागात पडतं.

सरळ भरून टाकणं

वेळ दहा मिनिटं, कोर्टाची पायरी चढायची नाही. बदल्यात दोषसिद्धी नोंदली जाते आणि पॉइंट लागतात. न्यू जर्सीत मर्यादेपेक्षा १ ते १४ मैल जास्त असाल तर २ पॉइंट, १५ ते २९ असेल तर ४, ३० किंवा त्याहून जास्त असेल तर ५. एकूण १२ झाले की लायसन्स निलंबनाची पाळी येते. कॅलिफोर्नियात १२ महिन्यांत ४ पॉइंट झाले की तेच. टेक्सासने तर २०१९ साली पॉइंटांवर आधारलेली अधिभाराची योजनाच रद्द केली, पण दोषसिद्धीची नोंद तिथेही राहते आणि इन्शुरन्स कंपनी ती वाचतेच.

अपघात झाला असेल तर आणखी जपा. तुम्ही दिलेली गुन्ह्याची कबुली समोरचा माणूस नुकसानभरपाईच्या दाव्यात पुरावा म्हणून पुढे करू शकतो. अशा वेळी 'गिल्टी' (गुन्हा कबूल) आणि 'नो कॉन्टेस्ट' (कबुली न देता आरोपाला विरोध न करणं) यांतला फरक वकिलाला विचारून मगच उत्तर द्या. पॉइंटांच्या बाबतीत दोन्ही सारखेच, दिवाणी दाव्यात नसतात.

पॉइंट नसलेलं तिकीट असेल, तर सरळ भरणं योग्य. इतर वेळी पुढचे पर्याय आपल्याला मिळतात का हे विचारल्याशिवाय भरू नका. कोर्टाच्या क्लार्कच्या खिडकीशी किंवा फोनवर हा प्रश्न विचारायला एक पैसा लागत नाही.

ट्रॅफिक स्कूल: नाव एक, फायदे वेगवेगळे

पहिल्यांदाच तिकीट मिळालेल्या, वेग फार जास्त नसलेल्या माणसाला मी बहुतेक वेळा हाच मार्ग सुचवतो. पण 'कोर्स केला की तिकीट पुसलं जातं' हे वाक्य जसंच्या तसं सगळीकडे लागू होत नाही. तीन राज्यं शेजारी शेजारी ठेवली की फरक कळतो.

टेक्सासमध्ये सहा तासांचा डिफेन्सिव्ह ड्रायव्हिंगचा कोर्स ९० दिवसांत पूर्ण करून प्रमाणपत्र आणि आपलं ड्रायव्हिंग रेकॉर्ड कोर्टात दिलं की केसच डिसमिस होते. दंड नाही, कोर्टाचा खर्च तेवढा भरायचा. अट अशी की मागच्या १२ महिन्यांत याच कारणासाठी कोर्स केलेला नसावा, आणि वेग मर्यादेपेक्षा २५ मैल किंवा जास्त, अथवा एकूण ९५ किंवा जास्त नसावा. मात्र मागणी उत्तराच्या तारखेच्या आत व्हायला हवी.

कॅलिफोर्नियात दंड पूर्ण भरावा लागतो, वर कोर्टाचं शुल्क आणि कोर्सचे पैसे वेगळे. म्हणजे खिशाला हा पर्याय सरळ भरण्यापेक्षा जडच. केस डिसमिस होत नाही, दोषसिद्धी राहते. पण ती गोपनीय ठेवली जाते, पॉइंट लागत नाही आणि इन्शुरन्स कंपनीला दिसत नाही. एका तिकिटाच्या तारखेपासून पुढच्या तिकिटाच्या तारखेपर्यंत १८ महिन्यांचं अंतर असेल तरच ही सवलत पुन्हा मिळते. मर्यादेपेक्षा २५ मैलांहून जास्त वेग असेल तर क्लार्क ती देऊ शकत नाही, न्यायाधीशांपुढे मागावी लागते.

न्यूयॉर्कचा कोर्स तिसऱ्याच जातीचा. तो केल्याने तिकीट जात नाही, दोषसिद्धीही दिसत राहते. निलंबनासाठी पॉइंट मोजताना ४ पर्यंत वजा धरले जातात आणि इन्शुरन्सच्या प्रीमियमवर तीन वर्षं १० टक्के सूट मिळते. ही सूट तिकीट नसतानाही मिळते, त्यामुळे न्यूयॉर्कमध्ये राहणाऱ्याने कोर्स तसाही करावा. पण 'कोर्स करीन' या भरवशावर तिकीट भरू नये.

कमर्शियल लायसन्स (ट्रक, बस वगैरे चालवण्याचं) असणाऱ्यांसाठी हा दरवाजा जवळपास बंद आहे. त्यांची दोषसिद्धी झाकायला संघराज्याच्या नियमांनीच राज्यांना मनाई केली आहे.

मधला रस्ता: तडजोड आणि मुदतीवर सोडणं

याची माहिती आपल्या लोकांत सगळ्यांत कमी, आणि उपयोग सगळ्यांत जास्त. वॉशिंग्टन राज्यात न्यायाधीशांकडे 'डिफरल' मागता येतं: शुल्क भरा, ठरलेल्या मुदतीत पुन्हा नियम मोडू नका, मग केस डिसमिस. गाडी चालवण्याच्या नियमभंगासाठी हे सात वर्षांत एकदाच मिळतं, त्यामुळे कुठल्या तिकिटावर वापरायचं याचा विचार करा. तिथेच 'मिटिगेशन' नावाचीही सुनावणी असते आणि माणसं दोन्हींत गल्लत करतात. मिटिगेशनमध्ये 'चूक झाली, पण परिस्थिती अशी होती' असं सांगायचं असतं. दंड कमी होऊ शकतो, रेकॉर्डवरची नोंद मात्र राहते. आपण शंभर डॉलर वाचवायला जातो आणि नोंद पदरात घेऊन येतो.

टेक्सासमध्येही न्यायाधीश १८० दिवसांपर्यंत मुदत देऊन नंतर केस डिसमिस करू शकतात. या वर्षी कोर्स आधीच वापरला असेल तर हे विचारावं.

न्यू जर्सीत सरकारी वकिलाशी बोलून वेगाचा आरोप 'अनसेफ ड्रायव्हिंग'वर आणता येतो. त्याला शून्य पॉइंट, पण दंडाशिवाय २५० डॉलर अधिभार. दोन पॉइंटांच्या तिकिटासाठी हे महाग वाटेल, चार-पाच पॉइंटांसाठी माझ्या मते घेण्यासारखं. दोनदा ठीक. पाच वर्षांच्या आत तिसऱ्यांदा झालं तर ४ पॉइंट लागतात.

न्यूयॉर्क शहरात मात्र ही वाटाघाट नाहीच. शहराच्या पाचही बरोंमधली (विभागांमधली) तिकिटं ट्रॅफिक व्हायोलेशन्स ब्युरोकडे जातात, तिथे तडजोड करणारा सरकारी वकील नसतो. दोषी किंवा निर्दोष, दोनच निकाल. शहराबाहेरच्या गावकोर्टात तोच मार्ग सहज खुला असतो.

लढणं

लढायचं तर कशावर, हे आधी ठरवा. 'सगळेच त्या वेगाने जात होते' हा बचाव नाही, 'मला बोर्ड दिसला नाही' हाही सहसा नाही. झाडाने झाकलेल्या बोर्डाचा फोटो, डॅशकॅमची फीत, रडारच्या तपासणीची नोंद, तिकिटावर चुकीचा रस्ता किंवा चुकीची गाडी, यांत दम असतो. फोटो त्याच आठवड्यात काढा, पुढच्या महिन्यात फांदी छाटली गेली तर हातात काही उरत नाही. कॅलिफोर्नियात काही रस्त्यांवर रडारने पकडायचं तर त्या रस्त्याचा वैध अभियांत्रिकी सर्वेक्षण अहवाल असावा लागतो. तो जुना झालेला निघाला तर आरोप टिकत नाही. ही प्रत मागवण्याचा कंटाळा बहुतेक जण करतात.

पुराव्याची पातळीही राज्यागणिक बदलते. कॅलिफोर्नियात गुन्हा निःसंशय सिद्ध व्हावा लागतो. न्यूयॉर्क शहराच्या ब्युरोत 'स्पष्ट आणि खात्रीलायक' पुरावा पुरतो. वॉशिंग्टनमध्ये तराजू थोडासा झुकला तरी पुरे. त्यामुळे मित्राने एका राज्यात जिंकलेला युक्तिवाद दुसऱ्या राज्यात चालेलच असं समजू नका.

'पोलीस येत नाही, केस आपोआप पडते' हे ऐकून लढायला जाऊ नका. कधी पडते, कधी पुढची तारीख मिळते. कोर्टात पाऊल ठेवताना पोलीस समोर बसलेला आहे असं धरूनच तयारी हवी.

ज्यांना इंग्रजीत उभं राहून बोलायचं दडपण येतं, त्यांच्यासाठी कॅलिफोर्नियाची लेखी सुनावणी फार चांगली सोय आहे. दंडाची रक्कम आधी जमा करायची, आपलं म्हणणं आणि फोटो लिहून पाठवायचे. पोलीसही लेखीच उत्तर देतो. हरलात तर २० दिवसांत नव्याने प्रत्यक्ष सुनावणी मागता येते. पण लढून हरल्यावर ट्रॅफिक स्कूल मिळेलच याची हमी नाही, ते न्यायाधीश ठरवतात. म्हणून ज्याला कोर्स सहज मिळतोय आणि ज्याच्याकडे पुरावा नाही, त्याने लढू नये असं मी स्पष्ट सांगेन. ज्याचा कोर्स वापरून झालाय किंवा ज्याच्या माथ्यावर आधीच पॉइंट आहेत, त्याने लढावं किंवा वकील करावा. साध्या तिकिटासाठी सरकार वकील देत नाही, फी आपलीच. ती वाढीव प्रीमियमच्या तीन वर्षांच्या हिशेबाशी ताडून बघा.

दुसऱ्या राज्यातलं तिकीट

'परत कधी जायचंय तिकडे' म्हणून ते टाकून देऊ नका. बहुतेक राज्यं एकमेकांना दोषसिद्धी कळवतात आणि उत्तर न दिल्यास घरच्या राज्यातलं लायसन्स अडकू शकतं. पॉइंट मात्र घरच्या राज्याच्या नियमाने लागतात. न्यू जर्सीचं लायसन्स असेल तर बाहेरच्या नियमभंगाला २ पॉइंट. न्यूयॉर्क राज्य बाहेरच्या साध्या तिकिटांचे पॉइंट धरत नाही, अपवाद कॅनडातल्या ओंटारियो आणि क्वेबेकचा. त्यामुळे न्यू जर्सीच्या हायवेवर पकडले गेलेले शेजारी शेजारी राहणारे दोन मित्र, एकाचं लायसन्स न्यूयॉर्कचं आणि एकाचं न्यू जर्सीचं, यांनी एकच सल्ला पाळू नये.

केस मिटल्यावर

निकालाचा कागद, कोर्सचं प्रमाणपत्र आणि पावती स्कॅन करून ठेवा. नागरिकत्वाच्या अर्जात पोलिसांनी कधी सायटेशन (म्हणजे असं तिकीट) दिलं होतं का असा प्रश्न असतो, आणि दहा वर्षांनी त्या गावकोर्टाकडून प्रत मिळवणं सोपं नसतं. मग दोनेक महिन्यांनी डीएमव्हीकडून (लायसन्स देणाऱ्या राज्याच्या खात्याकडून) आपलं ड्रायव्हिंग रेकॉर्ड मागवा. डिसमिस झालेली केस दोषसिद्धी म्हणून दिसत असेल तर कोर्टाच्या क्लार्ककडून निकालाची सही-शिक्क्याची प्रत घ्या आणि इन्शुरन्सच्या नूतनीकरणाची तारीख येण्याआधी डीएमव्हीला पाठवून नोंद दुरुस्त करून घ्या.