स्कायरिममधलं लग्न: करायला सोपं, पुन्हा करायला अशक्य

ड्रॅगन, लढाया, डोंगरदऱ्या यांवर स्कायरिम या व्हिडिओ गेमबद्दल भरपूर लिहून झालंय. त्यात माझी भर नको. मी फक्त संसाराबद्दल लिहितोय, कारण त्याची स्पेशल एडिशन ही नंतरची आवृत्ती पीसीवर कित्येक महिने खेळल्यावर मला सगळ्यात जास्त विचारात पाडलं ते त्यातल्या लग्नाने. मूळ गेम ११ नोव्हेंबर २०११ चा आणि स्पेशल एडिशन २०१६ ची. या आवृत्तीत डॉनगार्ड, हार्थफायर आणि ड्रॅगनबॉर्न हे तिन्ही डीएलसी, म्हणजे मूळ गेमला नंतर जोडलेले भाग, आधीपासूनच असतात. लग्नाच्या दृष्टीने त्यातले पहिले दोन महत्त्वाचे. का ते पुढे येईल.

लग्न जमवायची पद्धत अशी. रिफ्टन शहरात मारा या देवीचं मंदिर आहे आणि मारामाल हा तिथला पुजारी. तो सांगतो की स्कायरिममधलं आयुष्य खडतर आणि थोडं, त्यामुळे इथे प्रेमाराधनेत कोणी वर्षं घालवत नाही. लग्नाची इच्छा असेल तर माराचं ताईत गळ्यात घालायचं, समोरच्याला कळतं. ताईत त्याच्याकडेच मिळतं, २०० सोन्याच्या नाण्यांना. ते घालून योग्य माणसाशी बोललं की संवादात नवा पर्याय दिसतो, दोन वाक्यांत होकार येतो. मग मारामालला सांगायचं आणि दुसऱ्या दिवशी पहाट ते संध्याकाळ या वेळात मंदिरात हजर व्हायचं. याद्या नाहीत, मानपान नाही, रुसणारा मामा नाही. ओळखीची चार डोकी बाकांवर बसलेली असतात आणि अख्खा विधी चहा निवायच्या आत उरकतो. आयत्या वेळी नकार द्यायचीही सोय आहे.

उमेदवार साठाच्या वर आहेत. तुमचं पात्र स्त्री असो वा पुरुष, मानव, ऑर्क किंवा सरड्याच्या तोंडाचा आर्गोनियन, गेम काही विचारत नाही. २०११ च्या मोठ्या गेममध्ये हे इतक्या सहजपणे, जराही गाजावाजा न करता ठेवलं होतं, याचं मला आजही कौतुक वाटतं. मांजरमुखी खाजीत मात्र उमेदवारांच्या यादीत कोणीच नाही, तेव्हा त्यांच्या चाहत्यांनी आशा सोडावी.

खरी मजा होकार मिळवण्यात आहे. बहुतेकांचं एखादं काम करून दिलं की ते राजी होतात, आणि कामं एकेक अजब. व्हाइटरन शहराच्या खानावळीत उथगर्ड बसलेली असते. तिच्याशी १०० नाण्यांची पैज लावून नुसत्या मुठींनी मारामारी करायची. तुम्ही तिला लोळवलंत की ती तुमची मैत्रीण, आणि मग लग्नालाही तयार. मारकार्थची मुइरी तिला फसवणाऱ्या प्रियकराचा खून करायला सांगते. तेवढ्याने ती पैसे देते, लग्न करत नाही. लग्न हवं असेल तर तिच्या जुन्या मैत्रिणीलाही मारावं लागतं, आणि त्या मुलीच्या घरी आधीच एका बहिणीचं सुतक असतं. हे काम मी कुठल्याच पात्राकडून करवून घेतलं नाही. काही स्थळं न पाहिलेलीच बरी.

एलाची गोष्ट त्याहून वाकडी. ती कम्पॅनियन्स टोळीतली शिकारी, अर्ध्या खेळाडूंची पहिली पसंती. तिच्यापर्यंत पोचायचं तर टोळीच्या कथेत पुढे जावं लागतं, आणि त्या वाटेवर तुम्हाला मानवलांडगा व्हावं लागतं. आता लग्नाचा एक मोठा फायदा असा की जोडीदार असलेल्या घरात झोपलं की आठ तास सगळी कौशल्यं १५ टक्के जास्त वेगाने वाढतात. पण मानवलांडग्याला झोपेचा कुठलाच लाभ मिळत नाही. म्हणजे जिच्यासाठी लांडगा झालात, तिच्याशी लग्न केल्यावर लग्नाचा फायदा गुल. नंतर उतारा शोधून माणसात येता येतं, तोवर नुसतं घोरायचं.

बाकीचे फायदे साधे आहेत. जोडीदार दिवसातून एकदा घरचं जेवण करून देतो. शिवाय लग्नानंतर घरीच दुकान काढतो आणि त्यातला रोजचा १०० नाण्यांचा वाटा तुमचा. महिनाभर तुम्ही कुठल्या भुयारात भटकत असलात तरी वाटा साठत राहतो. व्हाइटरनमधलं ब्रीझहोम हे घर ५००० नाण्यांना मिळतं, म्हणजे पन्नास दिवसांत बायको घराचे पैसे फेडून मोकळी. इतकी कर्तबगार माणसं, पण बोलायला जावं तर तीनच विषय: दुकान कसं चाललंय, जेवायला काय, आणि घर बदलूया का. बाकी संवाद लग्नाआधीचेच. माझा मुख्य आक्षेप इथूनच सुरू होतो. लग्न या गेममध्ये नातं म्हणून येत नाही, सोय म्हणून येतं. घरात एक दुकान आणि एक मऊ पलंग वाढतो.

माझं ज्या पात्रावर जास्त मन बसलं, त्याने इसोल्डाशी लग्न केलं. व्हाइटरनच्या बाजारात भेटणारी ही पोरगी खाजीत व्यापाऱ्यांच्या नादाने व्यापारी व्हायची स्वप्नं बघत असते. तिला मॅमथचा एक सुळा आणून दिला की ती खूश. गंमत म्हणजे याच इसोल्डाचा गेममधल्या एका दारूच्या रात्रीशीही संबंध आहे. भलत्याच शहरातल्या देवळात डोकं धरून उठायचं आणि आदल्या रात्रीचे उद्योग निस्तरत फिरायचं, असं ते क्वेस्ट, म्हणजे गेममधली कामगिरी. त्यात इसोल्डा सांगते की तुम्ही तिच्याकडून वाग्दत्त वधूसाठी उधारीवर अंगठी नेलीत. वधू शोधत गेलं की समोर येते पिसं आणि नख्यांची हॅगरेव्हन चेटकीण. गेममधला सगळ्यात जिवंत लग्नप्रसंग हाच, आणि तो न झालेल्या लग्नाचा आहे. लिहिणाऱ्यांना विनोद जमतो, ओढही जमते, हे इथे दिसतं. मग खऱ्या लग्नाच्या वाट्याला तीन वाक्यं का, कळत नाही.

हार्थफायरमुळे मुलं दत्तक घेता येतात, जास्तीत जास्त दोन. त्यासाठी लग्नाची अट नाही, हे फार चांगलं केलंय. व्हाइटरनच्या रस्त्यावर भीक मागणारी लुसिया आम्ही घरी आणली. ब्रीझहोममध्ये मुलांची खोली करायची तर औषधं घोटायची खोली जाते, आणि ही अडचण मला चक्क आवडली. मूल आलं की बापाचा छंद अडगळीत, हे गेम बनवणाऱ्या बेथेस्डाच्या लोकांना बरोबर ठाऊक असणार.

आता डॉनगार्ड. हा डीएलसी सुरू झाला की रात्री गावांवर व्हॅम्पायरचे हल्ले होतात. गावातली माणसं घरात पळायच्या ऐवजी खंजीर उपसून अंगावर धावतात आणि मरतात. कथेला आवश्यक असलेली पात्रं मरत नाहीत. इसोल्डा त्यांत बसत नाही. एका रात्री मी शहराबाहेरून आलो तेव्हा ती बाजारात पडलेली होती. कोणी रडत नव्हतं. सकाळी भाजीवाली नेहमीच्या जागी भाजी विकत होती.

जुना सेव्ह, म्हणजे आधी साठवून ठेवलेला खेळ काढून मी तिला वाचवू शकलो असतो. मुद्दाम तसं केलं नाही. पुढे गेम काय करतो ते मला बघायचं होतं. काहीच करत नाही. पुन्हा रिफ्टनला गेलो, तर मारामालकडे या विषयावर एक शब्द नाही. माराचं ताईत घालून उथगर्डपासून सगळ्यांसमोर फिरलो, संवादात पर्याय येत नाही. मूळ गेममध्ये एका पात्राचं लग्न एकदाच होतं. घटस्फोट नाही आणि जोडीदार मेला तर दुसरं लग्नही नाही.

काही जण याचं समर्थन करतात की यामुळे निवडीला वजन येतं. मला ते पटलं असतं, जर त्या मरणाचीही काही दखल असती. तुमची बायको गेली हे शहरात कोणालाच माहीत नसतं. एकनिष्ठतेचा आदर्श मांडायचा असता तर निदान पुजाऱ्याने दोन शब्द सांत्वनाचे बोलले असते. हे तत्त्व नव्हे, अर्धवट सोडलेलं काम आहे. आणि जग कुठलं? जिथे मेलेल्यांना उठवणं ही रीतसर शिकायची विद्या आहे! योग्य मंत्र येत असेल तर मी इसोल्डाचा मुडदा उठवून माझ्या बाजूने लढायला लावू शकतो, आणि साधा मंत्र असेल तर शेवटी तिची राख होते. हे चालतं. पुन्हा लग्न चालत नाही.

तुलनेला स्टारड्यू व्हॅली घ्या. गेम शेतीचा आहे, पण जादूगार आणि चेटकीण तिथेही आहेत. लग्नासाठी मन जिंकायला महिने लागतात, मग पावसाळी दिवशी समुद्रकिनारी म्हाताऱ्या खलाशाकडून ५००० नाण्यांचं पदक घ्यावं लागतं. घटस्फोट ५०,००० ला, सरपंचाच्या घरातल्या वहीत नोंद करून, आणि रात्र व्हायच्या आत मागेही घेता येतो. त्यानंतर तो माणूस त्याच गावात राहतो, तुमची भेटवस्तू नाकारतो, समोर आलं की तोंड कडू करतो. दुसरं लग्न खुशाल करा, पण पहिल्याची नजर टाळून बाजारात जावं लागतं. हे मला खरं वाटलं. चेटकिणीच्या झोपडीत ३०,००० मोजून त्याची स्मृती पुसता येते, तिथे मात्र गेमने स्वतःच्याच चांगल्या कल्पनेवर पाणी ओतलंय. तरी जोडलेलं तुटतं आणि तुटल्यावरही काहीतरी उरतं, एवढं तरी तो मानतो.

स्कायरिममध्ये दुसरं लग्न हवंच असेल तर दोन चोरवाटा आहेत, आणि दोन्ही गेमच्या बाहेरून येतात. पीसीवर कन्सोल (गेमला थेट आज्ञा टाइप करायची खिडकी) उघडून लग्नाची क्वेस्ट मुळापासून रीसेट करता येतात. आधी वेगळा सेव्ह करून ठेवा, कारण क्वेस्टच्या टप्प्यांशी खेळताना गुंता होऊ शकतो. तिथेच एक आज्ञा मेलेल्या पात्राला जिवंत करते. मी ती वापरून पाहिली. इसोल्डा उठली आणि नेहमीसारखी बोलायला लागली. अंगावर काटा आला, सेव्ह न करता बाहेर पडलो. दुसरी वाट मॉडची, म्हणजे गेममध्ये बदल करणाऱ्या बाहेरच्या जोडण्यांची. पुन्हा लग्न, अनेक लग्नं, डॉनगार्डमधल्या, लग्नाला नाही म्हणणाऱ्या सेराना या व्हॅम्पायरशी लग्न, सगळ्यांसाठी मॉड सापडतात. पण स्पेशल एडिशनमध्ये मॉड लावले की अचीव्हमेंट, म्हणजे गेममधल्या कामगिरीची पदकं, मिळणं बंद होतं. आणि सेराना तर ताईत पाहून स्पष्ट नकार देते. तिची कथा ऐकल्यावर तो नकार मला पटला, म्हणून तो मॉड मी लावला नाही.

एवढं सगळं बोलूनही गेम घ्या असंच म्हणेन, सेलमध्ये तर नक्कीच. फक्त लग्न घाईत करू नका. डॉनगार्ड सुरू व्हायच्या आधी जोडीदाराला शहरातून हलवून हार्थफायरच्या एखाद्या आडबाजूच्या घरात ठेवा. तिथेही डाकू आणि राक्षस येतातच, पण रोजच्या रोज बाजारात मरायचा धोका कमी. किंवा सरळ रिफ्टनच्या म्योलशी लग्न करा. मझिनचालेफ्टच्या अवशेषांत हरवलेली तिची तलवार आणून दिली की ती सोबत यायला राजी होते, आणि गेमने तिला न मरणारं ठेवलंय. माझं नवं पात्र तिच्याबरोबरच नांदतंय. तिचा मित्र एरिनही मागोमाग आमच्या घरी राहायला आला. त्याला घालवायची सोय गेममध्ये नाही.